जिन्यावरची टिकली

"एकदा बूड टेकलं का उठाचं नाव नाही घेत," मागच्या टेबलावरून देवराव पुटपुटले. मोठ्यानं नाही, पण त्यांची पाठ आणि रागिणीची पाठ यांत वीतभरच अंतर, त्यामुळे ते पुटपुटणं थेट तिच्या मानेवर येऊन बसलं. तिनं पान उलटलं. वाचलं मात्र काही नाही.

राजापेठेतल्या त्या वाचनालयात खिडकीजवळची खुर्ची रागिणीची. तसं कुठं लिहिलेलं नव्हतं. सकाळी दार उघडलं की तिची पाण्याची बाटली टेबलावर यायची आणि मग तिथं कोणी बसायचं नाही, एवढंच. तेल्हाऱ्याहून ती भावाकडे स्पर्धा परीक्षेच्या अभ्यासाला आली, तेव्हा आज शेजारी बसणारी पोरं पाटी-दप्तर घेऊन शाळेत जात असतील. गेल्या वर्षी तिनं वयाची अट ओलांडली. आता तिला कुठलीच परीक्षा देता येत नव्हती. हे सगळ्या अभ्यासिकेला ठाऊक होतं आणि तिच्यासमोर कोणी तोंडातून काढत नव्हतं. तीही नाही. रोज यायची, त्याच जुन्या पुस्तकात पेन्सिलीनं खुणा करायची. आता तर खुणेवर खूण पडत होती.

भावाच्या घरी खोल्या दोन. समोरच्या खोलीत वहिनीची ट्यूशन, सकाळपासून दिवेलागणीपर्यंत पोरांच्या चपलांचा ढीग. आकांक्षावहिनी वाईट नव्हती. रोज न विसरता डबा भरून द्यायची, वर लोणच्याची फोडही ठेवायची. पण डबा हातात आला की आपल्याही चपला पायात जायला हव्यात, हे दोघींना कळत होतं, आणि दोघी भाजीबद्दल बोलायच्या.

तर अशा बाईची खुर्ची जाणार होती. वाचनालयाची इमारत पाडून नवी बांधायचं मंडळानं ठरवलं आणि तिचा रंगीत नकाशा दारातच लावला. पिवळा बालविभाग. हिरवी अभ्यासिका, 'परीक्षेला बसणाऱ्यांसाठीच'. निळा ज्येष्ठ नागरिक कक्ष, साठीच्या पुढे. रागिणीनं नकाशा खालून वर आणि वरून खाली वाचला. तिच्यासाठी त्यात स्वच्छतागृह तेवढं मोकळं होतं.

तो 'च' कोणी घालायला लावला, हे शोधणं हाच मग तिचा अभ्यास झाला. ग्रंथपाल भावनाताई? परवाच त्यांनी, "ताई, कार्ड नवं करायचं ना?" असं फार मऊ आवाजात विचारलं होतं. एरवी त्यांचा आवाज मऊ नसतो. समोरच्या खुर्चीवरचा बार्शीटाकळीचा नागसेन? ती आली की त्याचं आणि पोरांचं बोलणं बंद व्हायचं आणि मोबाईल टेबलावर पालथा पडायचा. पण खरा संशय मागे रोज पेपर घेऊन बसणाऱ्या देवरावांवर. पेपर वाचायला तिच्या खिडकीतला उजेड कोणालाही आवडला असता. त्यात आज सकाळचं ते पुटपुटणं.

दुपारी नागपूरहून प्राजक्ता नावाची मुलगी आली. नव्या इमारतीचं नियोजन तिच्याकडे होतं. तिनं नकाशा उतरवून मधल्या टेबलावर पसरला आणि प्रत्येकाच्या हातात एक लाल कागदी टिकली दिली. नव्या वाचनालयात तुम्ही जिथं बसाल तिथं ही चिकटवा, म्हणाली. म्हणजे कुठली खोली केवढी हवी ते कळेल.

"अकोल्यात असंच टिकल्या लावून घेतल्या म्हनते," नागसेन कोणाला तरी सांगत होता, "मंग अर्ध्यायचे कार्डच बंद केले."

हे आपल्यालाच ऐकवलं, असं रागिणीनं लगेच धरलं. पोरं उठली, हिरव्यात टिकल्यांची गर्दी झाली. म्हातारी माणसं निळ्याकडे गेली. रागिणीची टिकली अंगठ्यावर तशीच राहिली. हिरव्यात लावावी तर कोणी हसेल. आणि हसलं नाही तर ते आणखी वाईट.

नागसेन तिच्याजवळ आला. तिच्याकडे न पाहता हळूच म्हणाला, "ताई, तुमची मी लावू का अभ्यासिकेत?"

"काहून? मले हात नाहीत?"

तो गोरामोरा झाला. त्याच्या हातातला मोबाईल या वेळी पालथा नव्हता. पडद्यावर नव्या भरतीची जाहिरात होती, वयाच्या अटीसकट. बोलणं कशामुळे बंद होत होतं ते तिला दिसलं. पोरं कट करत नव्हती, तिच्यापासून जाहिरात लपवत होती. रागिणीला वाटलं, कटच बरा होता.

तेवढ्यात प्राजक्ता हसली. "ही एक चुकून जिन्यावर लागलीये. कोणाची?"

"चुकून नाही," देवराव म्हणाले. "माही आहे."

"काका, ज्येष्ठ कक्ष इकडे आहे ना."

"मले साठ व्हाचे आहेत अजून, बाई. कापसाची जिनिंग बंद पडली, काम गेलं, म्हनून मी काई म्हातारा नाही झालो. तुमच्या नकाशात वयाची अट नाही अशी जागा मले एक जिन्याचीच दिसली." लोक हसले. देवरावही थोडं हसले, मग चष्मा पुसत राहिले. "सकाळपासून मी मलेच म्हनून राहिलो, एकदा बूड टेकलं का उठत नाही तू. पन उठून जाऊ कुठी?"

रागिणी वळली. देवरावांच्या खुर्चीखाली, पंच्यात गुंडाळलेला, डबा होता. पेपर चाळायला आलेला माणूस डबा कशाला आणेल? इतकी वर्षं पाठीला पाठ लावून बसली, आणि तिनं तो पाहिलाच नव्हता. पाठीमागचं फक्त ऐकू येतं.

प्राजक्ता गोंधळली होती, पण पोर मनाची चांगली. तिनं पेन काढलं. अजून एक खोली काढता येईल, म्हणाली. फक्त ती कोणासाठी आणि कशाकरता, ते सांगा; मंडळाला तसं कळवावं लागेल.

भावनाताई पंख्याचं बटण न्याहाळू लागल्या. नागसेननं मोबाईल पुन्हा पालथा घातला. देवराव चष्मा पुसतच होते. तो केव्हाच स्वच्छ झाला होता.

रागिणीची खुर्ची करकरली. ती टेबलापाशी गेली आणि आपली टिकली जिन्यावर, देवरावांच्या टिकलीच्या वरच्या पायरीवर लावली.

"नाव काईही द्या," ती म्हणाली. "आमी अभ्यासाले येत नाही, अन् पेपर वाचालेही येत नाही. आमाले दिवसा घरी बसाले जागा नाही."