कालपंडिताचा चौरंग

सेकंदाचा काटा चारावर आला, जरासा थरथरला आणि थांबला. मंडपातल्या सगळ्यांचे हात एकदम जोडले गेले.

घड्याळ साधंच होतं. लग्नाच्या आहेरात आलेलं, तबकडीवर देणाऱ्या मामाचं नाव छापलेलं. ते चौरंगावरच्या भगव्या कापडावर उताणं ठेवलं होतं आणि शेजारी सतरंजीवर गोपालची बायको भाग्यलक्ष्मी पडली होती. कापूस वेचताना तिच्या पायाला नाग डसला होता.

"क्षण बांधला! पळ बांधलं! घटका बांधली!" कालपंडित गरजले. "आता विष जिथल्या तिथं! उद्या सूर्य उगवेपर्यंत या घड्याळाला कोणी हात लावायचा नाही."

कालपंडितांचं चरित्र गावातल्या पोरासोरांनाही पाठ होतं. म्हणे, हिमालयातल्या गुहेत त्यांनी बारा वर्षं कालविद्येचा अभ्यास केला, आणि बाहेर येऊन बघतात तर चुलीवर ठेवलेलं दूध अजून उतू गेलेलं नव्हतं. वय दोनशेच्या वर. काळ मुठीत असलेल्या या महापुरुषाला केसांना कलप मात्र लावावा लागे. मंडपात मोबाइल आणायला बंदी होती, कारण 'त्या यंत्रात कली बसला आहे.'

मी गुडीहत्नूरजवळच्या या गावात शाळेत विज्ञान शिकवते. शाळा सुटल्यावर गलका ऐकून मंडपात आले आणि भाग्यलक्ष्मीजवळ जाऊन बसले. तिच्या पापण्या मिटत चालल्या होत्या. ती पाणी मागत होती, पण शब्द जिभेवरच अडखळत होते.

"गोपाल, विष चढतंय. गाडी काढ, आदिलाबादच्या दवाखान्यात ने हिला."

"टाइम थांबवला ना मॅडम बाबानं," तो रडवेला होऊन म्हणाला. "तुमीच पाहा, काटा हालून नाही राह्यला."

"काट्याकडे काय बघतोस? तिचा श्वास बघ!"

मी घड्याळाकडे हात नेला, तोच गर्दीतून पुढे आलेल्या, गावातल्याच सोजरबाईनं माझं मनगट पकडलं. तिची नखं रुतली.

"नोका उचलू मॅडम! मागच्या साली माह्या मालकाले असंच डसलं होतं. माह्यानं राहवलं नाही, मी घड्याळ उचलून पाह्यलं. काटा चालू झाला अन् ते गेले. म्या मारलं त्याईले. आता तुमी हिले मारता काय?"

"ऐका! पापिणीच्या तोंडून सत्य ऐका!" कालपंडित ओरडले.

गर्दी पुढे सरकली. माझ्यामागची वाट बंद झाली. मी घाबरले होते, खोटं कशाला सांगू? घड्याळ उचललं आणि ही पोरगी वाटेतच गेली, तर तिचा खून माझ्या नावावर पडणार होता. पण काटा चालू झाल्याशिवाय गोपाल हलणार नव्हता. उचललं.

काटा चालू लागला. भाग्यलक्ष्मीच्या सासूनं, जयवंताबाईनं, किंकाळी फोडली. गोपाल बैलांचा चारा कापता कापता तसाच धावत आला होता. त्यानं कमरेचा विळा उपसला आणि तो माझ्यावर धावला. कुणीतरी त्याचा हात मागे ओढला. विळा सुटून चौरंगावर पडला आणि खटकन चिकटला.

गोपालनं ओढला. निघेना. जोर लावला तसा चौरंगच कलला, कापड घसरलं आणि फळीखाली बसवलेली काळी जड वडी दिसली.

गोपाल बघतच राहिला. दरसाल तो कापूस घेऊन जिनिंगला, म्हणजे सरकी काढायच्या कारखान्यात, जातो. कापसातला खिळा, तार यंत्रात गेली तर ठिणगी पडून आग लागते, म्हणून तिथं असलीच वडी लोखंड ओढून घेते.

"हे तं जिनिंगमधलं लोहचुंबक होय!" तो म्हणाला. आणि मग पुढचं ऐकायला थांबलाच नाही. बायकोला उचलून तो गाडीकडे धावला.

सेलवरच्या घड्याळात काटा फिरवणारं एक इवलंसं चुंबक असतं. जवळ मोठं चुंबक आलं की ते जखडतं. थांबतं ते फक्त घड्याळ. मोबाइलमधली वेळ तशी थांबली नसती, म्हणून त्याला बंदी. पोलिसांनी पुढे शोध घेतला, तर पंडितांची ती बारा वर्षं राज्याच्या सीमेपलीकडच्या एका जिनिंगमध्ये चुंबकाला चिकटलेले खिळे काढण्यात गेलेली निघाली.

भाग्यलक्ष्मी वाचली. विषावरचं इंजेक्शन मिळालं, काही काळ यंत्रानं श्वास दिला.

ती घरी आली त्या आठवड्यात सोजरबाई शाळेत आली, पदराखाली आपलं घड्याळ घेऊन. मी प्रयोगशाळेतलं चुंबक मागे धरलं, काटा थांबला. काढलं, चालू झाला. मग तिनं स्वतः करून पाहिलं. पुन्हा पुन्हा पाहिलं.

"मंग म्या नाही मारलं त्याईले?"

"नाही, सोजरबाई. तुम्ही नाही मारलं."

तिनं डोळे पुसले. त्या भोंदूनं तिचा नवरा तर घालवलाच, वर त्याच्या मरणाचं पाप तिच्याच पदरात बांधलं होतं. मला वाटलं, आता ती मोकळी झाली. पण दाराशी जाऊन ती परत वळली.

"मॅडम, तवाच दवाखान्यात नेलं असतं तं वाचले असते काय?"

मला खोटं बोलवेना. "बहुतेक वाचले असते," मी म्हणाले.

ती घड्याळ टेबलावरच ठेवून गेली. ते माझ्या वर्गात आहे, चालू आहे. तिचा हा दुसरा प्रश्न तुमच्या घरात कोणाला विचारावा लागू नये, एवढ्यासाठी हे लिहिलं. बाबा खरा की खोटा, याचा निकाल मागाहून लावा. आधी गाडी काढा.