निळा बगळा

तेल्हाऱ्यात तंबूचा सिनेमा आला त्या हिवाळ्यात अनुपमा नऊ वर्षांची होती. ती हरिहरपंत वकिलांची लेक. तिची जिवाभावाची मैत्रीण सत्यभामा, वकिलांच्या घरामागं मळा करणाऱ्या शालिकराम माळ्याची पोर.

एक खेळ नुसत्या हातानं काढलेल्या चित्रांचा होता. त्यातलं बोलणं विलायती, म्हणून तंबूवाला शेषराव पडद्याशेजारी उभा राहून गोष्ट आपल्या बोलीत सांगे. एक लंगडं पाडस कळपामागं राहतं. निळा बगळा त्याला पाठीवर घेऊन ढगांपलीकडच्या तळ्यात न्हाऊ घालतो, आणि पाडस उड्या मारत घरी येतं.

परतताना सत्यभामानं विचारलं, "आपून दोघी मावू का वं त्याच्या पाठीवर?"

"मावू की. तू पुढं बस, मी मागं."

पुढच्याच आठवड्यात सत्यभामाला देवी आल्या. शालिकरामच्या दाराला कडुलिंबाचे डहाळे लागले. अनुपमाला टोचलेलं होतं, तरी आईनं मळ्याकडचं दार लावून घेतलं. विहिरीवरच्या बायका बोलत होत्या, ते अनुपमानं ऐकलं. फोड डोळ्यांतही उठले होते. पोरीचं काही खरं नव्हतं.

दुपारी आईचा डोळा लागला तशी ती थेट तंबूवर गेली. शेषराव खाटेवर बसून तुटलेली फिल्म जोडत होता.

"काका, तो बगळा द्या ना. सत्यभामाला तळ्यावर न्यायचंय. लगेच परत आणून देते."

शेषराव हसला. मग तिचं तोंड पाहून हसायचा थांबला. त्यानं फिल्मची पट्टी उजेडात धरली. बारक्या बारक्या चौकटी, आणि प्रत्येकीत पंख वर करून थांबलेला बगळा.

"सोडा ना त्याला," अनुपमा म्हणाली.

"सोडाले तो धरला कुठं हाय, माय?"

कापून टाकलेला एक तुकडा त्यानं तिच्या हातावर ठेवला. दुसरं त्याच्यापाशी काही नव्हतं.

कुंपणाखालून सरपटत अनुपमा माळ्याच्या घरात शिरली. सत्यभामाची आई पार्बताबाई उशाशी पाला हलवत बसली होती. तिनं पोरीला हाकललं नाही. हाकलायचं बळच उरलं नव्हतं.

"सत्ये, बगळा आणला."

"मले डोये उघडता येत नाई वं. उडून रायला का?"

अनुपमानं तुकडा खिडकीच्या उजेडात धरला. हलवला. त्यावर फुंकर घातली.

"हो," ती म्हणाली.

"मंग मले बसव ना त्याच्यावर."

अनुपमानं पार्बताबाईकडं पाहिलं. बाईनं पदराचा बोळा तोंडात कोंबला होता.

"थांब जरा. तो पाणी पितोय."

"बरं," म्हणून सत्यभामा शहाण्यासारखी वाट पाहत पडून राहिली. तेवढ्यात हरिहरपंत धावत आले आणि लेकीला उचलून घेऊन गेले.

सत्यभामाचा ताप उतरला, पोर वाचली. डोळे मात्र गेले. अनुपमाच्या आईनं मळ्याकडचं दार उघडलं तोवर तंबू गाव सोडून गेला होता.

सत्यभामा मळ्यातल्या पाण्याच्या पाटाच्या कडेला पाय सोडून बसली होती. तोंडभर वण. पावलं ओळखून तिनं हात पुढं केला आणि अनुपमाला ओढून शेजारी बसवलं.

"समोर काय हाय वं? सांग ना."

समोर वांग्याचे वाफे होते, पाटात ऊन चमकत होतं, पलीकडं शालिकराम मोट हाकत होता. कुठून सुरुवात करावी, ते अनुपमाला कळेना.