ताज्या ब्लीचचा थेंब

माझ्या नाकाला कोणी नावं ठेवलेली मला खपत नाहीत. एकतीस वर्षं लाँड्री चालवतेय. डाग कशाचा आहे हे मी कपडा उलगडायच्या आधी वासावरून सांगते. पण हे नाक माझ्या शिकलेल्या लेकीच्या कामी येईल, असं मला कधी वाटलं नव्हतं.

लेक लायकेन ओळखते. लायकेन म्हणजे झाडाच्या सालीवर करड्या पापुद्र्यासारखं चिकटलेलं असतं ते. मी त्याला जन्मभर बुरशीच समजत आले. "नुसती बुरशी नाही गं आई," ती सांगायची, "बुरशी आणि शेवाळ मिळून एक संसार करतात." म्हटलं, बरंय, आमच्यापेक्षा त्यांचं पटतं.

दुकानासमोरच्या म्हाताऱ्या झाडावर, खांद्याएवढ्या उंचीला, तिला एक दुर्मीळ जात सापडली. आणि नेमकी त्याच खोडावर रस्ता खात्याने लाल फुली मारलेली. सोमवारी झाड तोडणार. जात दुर्मीळ आहे अशी तज्ज्ञांची सही मिळाली, तरच ते वाचणार होतं. आठवडाभर लेकीचा जीव टांगणीला लागला होता, आणि तिच्यापायी माझाही.

शुक्रवारी दुपारी तज्ज्ञ मॅडम आल्या. पिकलेले केस, गळ्यात भिंग, हातात छोट्या बाटल्यांची पेटी. मी दुकानाच्या दारात उभी राहून सगळं ऐकत होते. कोणी बोलावलं नव्हतं, पण झाड माझ्याच दारासमोरचं.

"दिसायला साधी आणि दुर्मीळ, दोन्ही जाती सारख्याच," मॅडम म्हणाल्या. "करडे पापुद्रे, कडा वर वळलेल्या, कडेला पिठासारखी भुकटी. फरक आत असतो. तू कसं ओळखलंस?"

"वरची कातडी खरवडली, आतल्या पांढऱ्या गरावर ब्लीचचा थेंब टाकला," लेक म्हणाली. "साधी जात पांढरीच राहते. ही लाल झाली. चार श्वास टिकला रंग, मग उडाला."

"ब्लीच कुठलं होतं?"

लेक जरा अडखळली. "प्रयोगशाळेतलं संपलं होतं. बाहेरून आणलं."

बाहेरून! दहा पावलांवरचं दुकान, आणि ते बाहेर. शाळेत पोरं तिला 'ब्लीचची बाटली' म्हणायची, तेव्हापासून आई काय करते हे सांगायची वेळ आली की तिची जीभ अशीच अडखळते. मला लागलं. पण ही रुसायची वेळ नव्हती.

मॅडमनी ब्लेडने कातडी जराशी खरवडली, आपल्या बाटलीतला थेंब टाकला आणि भिंग लावलं. लेक जवळ सरकली. गर पांढरा तो पांढराच.

"साधी जात आहे," त्या शांतपणे म्हणाल्या. "वाईट वाटून घेऊ नकोस, खूप जणांची गफलत होते." आणि पेटी बंद करू लागल्या. लेकीचं तोंड एवढंसं झालं. ती भांडलीसुद्धा नाही, नुसती खोडाकडे बघत राहिली.

मग मात्र मला राहवेना. मी सरळ रस्ता ओलांडला. "मॅडम, ती बाटली जरा बघू."

"आई, अगं..." लेक पुटपुटली.

बूच काढलं, नाकाशी नेलं. काही नाही! ब्लीच कसं नाकात झोंबायला हवं. हे तर नळाचं पाणी.

"हे मेलंय," मी म्हणाले. "कधी भरलंत?"

मॅडमच्या भुवया वर गेल्या. "सहा महिने झाले असतील."

"सहा महिने? ब्लीच आहे ते, लोणचं नाही मुरवायला!"

नुसत्या बोलण्यावर त्या विश्वास ठेवणार नाहीत, हे मला दिसत होतं. अंगात माझा नवाकोरा निळा एप्रन होता. त्यावर त्यांच्या बाटलीतला थेंब टाकला. निळा तो निळाच राहिला. मग दुकानातून सकाळी उघडलेला कॅन आणला आणि शेजारी माझा थेंब टाकला. बघता बघता तिथे पांढरा ठिपका पडला. हातच्या कांकणाला आरसा कशाला?

मॅडमनी पेटी परत उघडली. दुसऱ्या पापुद्र्याची कातडी खरवडली, ड्रॉपर माझ्या कॅनमध्ये बुडवला, थेंब टाकला. तिघींची डोकी एकमेकींना टेकली. गर लाल झाला! लालभडक. एक, दोन, तीन, चार श्वास, आणि रंग गेला.

"हीच ती," मॅडम म्हणाल्या. तिथेच खाली बसून, पेटी मांडीवर घेऊन त्यांनी सही केली. मग पेन हातातच धरून बसल्या. "सहा महिन्यांत मी अकरा जणांना परत पाठवलंय," त्या हळू म्हणाल्या. "आता सगळ्यांचे नमुने पुन्हा तपासायला हवेत." चूक अशी उघड कबूल करणारी माणसं मी फार पाहिलेली नाहीत. मी त्यांना ब्लीचची एक बाटली भरून दिली, वर आजची तारीख लिहून.

संग्रहालयात पाठवायला नखाएवढा तुकडा कागदाच्या पाकिटात गेला. पाकिटावर झाड, जागा, तारीख, चाचणी, सगळं लिहावं लागतं. ते शंभर वर्षं जपून ठेवतात म्हणे. लेकीने माझ्या इस्त्रीच्या टेबलाशी बसून ते लिहिलं. मी पाठमोरी चादरींच्या घड्या घालत होते, पण मान वळवून वाचलंच.

'गर लाल, चार श्वास. ब्लीच ताजं, आईच्या लाँड्रीतलं.'

अंगावर मूठभर मांस चढलं माझ्या. त्या एप्रनवरचा ठिपका कसा पडला असं कोणी विचारायचीच खोटी, मी सगळं पहिल्यापासून सांगते.