खाचेच्या कोपऱ्यातली चीर

मी एक जुना शाफ्ट आहे. शाफ्ट म्हणजे काय, हे तुमच्यापैकी अनेकांना ठाऊक नसेल आणि त्यात तुमचा काहीच दोष नाही. ज्या कारखान्यात मी अकरा वर्षे राबलो, तिथल्या निम्म्या लोकांनीही मला कधी पाहिले नव्हते. मी म्हणजे पोलादाचा एक जाड दांडा. लांबी माणसाच्या उंचीएवढी, जाडी मांडीएवढी. छताखालून धावणाऱ्या अवजड क्रेनमध्ये, पत्र्याच्या झाकणाखाली माझी जागा होती. मोटर फिरली की गिअरबॉक्स फिरे, गिअरबॉक्समुळे मी फिरे, आणि मी फिरलो की मोठा ड्रम फिरून पोलादी दोर गुंडाळला जाई. मग खालचा भार वर येई. एवढीच माझी नोकरी. पण मित्रांनो, एक गोष्ट नीट समजून घ्या. मोटर बंद पडली, तर ब्रेक भार धरून ठेवतो. मी तुटलो, तर धरायला कोणीच नसते. कारण ब्रेक माझ्या अलीकडे असतो आणि भार माझ्या पलीकडे.

पोलादाला भीती नसते, असे लोक म्हणतात. मला मात्र होती. पहिल्या दिवसापासून होती.

भट्टीतून निघालो तेव्हा मी लालबुंद होतो. मोठ्या घणाने मला चहूबाजूंनी ठोकून काढले. मग खराद्याच्या, म्हणजे लेथ चालवणाऱ्या कारागिराच्या, यंत्रावर माझी साल निघाली आणि मी गुळगुळीत, चकचकीत झालो. शेवटी माझ्या एका टोकाला एक लांबट खाच पाडायची होती. त्या खाचेत पोलादाची एक पट्टी बसते, तिला चावी म्हणतात. तिच्यामुळेच शाफ्ट आणि ड्रम एकमेकांना धरून फिरतात. खाचेचे आतले कोपरे गोलसर ठेवा, असे नकाशात स्पष्ट लिहिले होते. पण त्यासाठी हत्यार बदलावे लागते, आणि खराद्याला घरी जायची घाई होती.

"आत कोण डोकावून बघणारे?" तो शेजारच्याला म्हणाला. "चावी बसली म्हणजे झालं!"

चावी बसली. कोपरा मात्र सुरीच्या धारेसारखा राहिला. त्याच दिवशी, त्याच हातांनी माझा एक जुळा भाऊही घडला. तो सुटा भाग म्हणून भांडारात गेला आणि मी क्रेनवर चढलो.

कारखान्यात मोठमोठे रोलर, म्हणजे लाटण्यासारखे लोखंडी दंडगोल, दुरुस्तीला येत. एकेक रोलर दहा-दहा, पंधरा-पंधरा टनांचा. पहिला रोलर उचलला तेव्हा माझे अंग असे पिळवटले, जसे धुणे पिळताना कापड पिळवटते. खाली माणसे होती. त्यांच्या डोक्यावरचे पिवळे टोप मला झाकणाच्या फटीतून ठिपक्यांएवढे दिसत. तो भार म्हणजे केवळ लोखंड नाही, ती टोप घातलेली माणसेही माझ्यावरच अवलंबून आहेत, हे मला त्या क्षणी कळले. त्यानंतर मी कधी निश्चिंत झालो नाही.

तरी सुरुवातीची वर्षे बरी गेली. आमच्या क्रेनचा चालक पन्नाशीचा, सडपातळ गृहस्थ होता. सगळे त्याला कानसेन म्हणत. तो गाणेबिणे काही ऐकत नसे; ऐकायचा फक्त क्रेन. कुठे तेल कमी पडले, कुठे नट सैल झाला, हे त्याला आवाजावरून कळे. त्याचा धाकटा भाऊ खाली भार बांधायला होता. हाताच्या खुणा करायचा, साखळ्या अडकवायचा, आणि जवळची वाट म्हणून बिनदिक्कत लटकत्या रोलरखालून जायचा.

"धाकट्या, डोकं घरी ठेवून येतोस का रे?" कानसेन वरून ओरडे.

"दादा, तू वर असताना मला कसली भीती!" धाकटा हसत सांगे.

मित्रांनो, त्याचा विश्वास दादावर होता. पण दादाचा विश्वास माझ्यावर होता, आणि माझ्या अंगात तो टोकदार कोपरा होता.

वर्षातून एकदा तपासणी होई. दोर पाहिला जाई, हुक मोजला जाई, गिअरबॉक्सचे तेल बदलले जाई. क्रेनला पिवळा रंगही मिळे. पाहुणे खालून मान वर करून म्हणत, "वा, काय दणकट क्रेन आहे!" माझ्यावरचे झाकण मात्र कोणी उघडत नसे. त्याचे आठही बोल्ट रंगाच्या थरांखाली चिकटून गेले होते.

अकराव्या वर्षाच्या अखेरीस एक रोलर आला. पाटीवर वजन चौदा टन लिहिलेले, प्रत्यक्षात कितीतरी जास्त. उचलताना साखळी सरकली आणि सगळा भार एका हिसक्यात माझ्या अंगावर आला. रोलर जागेवर पोहोचला. कोणाला काही कळले नाही. मला मात्र खाचेच्या कोपऱ्यात बारीकशी कळ उठली. केसाएवढी चीर पडली होती.

चीर दुखते त्यापेक्षा घाबरवते जास्त. ती थांबत नाही ना! प्रत्येक भाराबरोबर ती केसभर पुढे सरकायची. सकाळी मोटर सुरू झाली की माझ्या मनात एकच येई, आज पूर्ण होईल का ही? आणि झाली, तर त्या वेळी खाली कोण असेल? मी ओरडू शकत नव्हतो. लंगडू शकत नव्हतो. पोलादाचे हेच वाईट. तुटेपर्यंत ते धडधाकटच दिसते.

फक्त एक आवाज माझ्यापाशी होता. भार जमिनीवरून सुटताना चीर उघडे आणि 'टक्' असे होई.

दोन दिवसांत तो कानसेनने पकडला. तो केबिनमधून उतरून फोरमनकडे गेला. फोरमन कामाला वाघ, पण पटकन संतापणारा. त्याने फिटरला वर पाठवले. फिटरने गिअरबॉक्स उघडला, चाकांचे दात तपासले आणि "सगळं ठीक आहे" म्हणून तो खाली गेला. मी त्याच्यापासून हातभर अंतरावर, झाकणाखाली होतो. त्याच्या श्वासाचा आवाज मला ऐकू येत होता. उघड रे बाबा, आणखी एक झाकण उघड, असे माझा कण न् कण सांगत होता.

"झालं समाधान?" फोरमन म्हणाला. "आता स्वप्नातसुद्धा टकटक ऐकू येईल तुला."

"साहेब, आवाज गिअरबॉक्सचा नाहीच. त्याच्या पुढचा आहे."

"आठ रोलर तुंबलेत. चालव बाबा, चालव."

आणखी एकवीस दिवस मी फिरलो. ते दिवस कसे काढले, ते माझे मला ठाऊक. चिरेने आता माझ्या घेराचा निम्म्याहून जास्त भाग कुरतडला होता.

बाविसाव्या दिवशी, जेवणाच्या सुट्टीनंतर, सर्वांत मोठा रोलर उचलायचा होता. धाकट्याने साखळ्या बांधल्या, अंगठा वर केला. भार सुटला. टक्. दोन पुरुष उंचीवर गेल्यावर पुन्हा आवाज झाला, पण या वेळी तो टक् नव्हता. सुकलेली फांदी मोडताना येतो तसा होता. कानसेनने हात जागीच थांबवला. ब्रेक लागला, मोटर गप्प झाली, आणि अख्खा रोलर माझ्या उरल्यासुरल्या अंगावर लोंबकळत राहिला. थांबून सुटका नव्हती. थांबलो तरी भार माझ्यावरच होता.

कानसेनने लांबलचक भोंगा दिला. माणसे मागे पळाली. धाकटा मात्र रोलरच्या सावलीतच उभा राहून वर बघत होता.

"काय झालं, दादा?"

"बाजूला हो!"

"अरे, पण साखळी नीट आहे..."

"धाकट्या, आईची शपथ आहे तुला, पळ!"

कानसेनचा आवाज फाटला होता. तसा आवाज धाकट्याने जन्मात ऐकला नसावा, कारण तो खरोखरच पळाला.

आता रोलर उतरवायचा होता, आणि उतरवायचे म्हणजे मला फिरवायचे. कानसेनने जराही हिसका न देता क्रेन मोकळ्या जागेकडे नेली. तिथे लाकडी ओंडके रचलेले होते. मग बोटाच्या टोकाने हलकेच कळ ढकलत त्याने भार खाली सोडायला सुरुवात केली. फिरण्याच्या प्रत्येक अंशाला माझी चीर करकरत होती. मी किती वेळ टिकलो, सांगता येत नाही. वर केबिनमध्ये कानसेन पुटपुटत होता, "थोडं धर, राजा. थोडं धर." तो माझ्याशीच बोलत होता की काय, कोण जाणे. मी धरले. रोलर ओंडक्यांवर टेकला, दोर सैल पडला, तेव्हा कुठे माझा पीळ सुटला.

फोरमन धावत आला. "काही झालं तर नाही! मग तमाशा कशाला?"

कानसेन शिडीवरून उतरला. "झालं नाही, म्हणूनच सांगतोय," तो म्हणाला. "ती पुढची बाजू उघडल्याशिवाय मी वर चढणार नाही. नोकरी गेली तरी बेहत्तर."

देखभाल विभागाच्या मॅडम आल्या. त्या सहा महिन्यांपूर्वीच रुजू झालेल्या, मितभाषी इंजिनीअर होत्या. त्यांनी छिन्नीने रंग फोडून आठही बोल्ट काढायला लावले. अकरा वर्षांनी माझ्या अंगावर लख्ख उजेड पडला. त्यांनी मला पुसले, लाल द्रव लावला, पुन्हा पुसले आणि वर पांढरी भुकटी फवारली. सगळे वाकून बघत होते. हळूहळू चिरेत मुरलेला रंग वर आला आणि त्या पांढऱ्यावर एक लाल रेघ उमटली. खाचेच्या कोपऱ्यातून निघालेली, माझ्या अंगाला पाऊण वेढा घातलेली.

फोरमनने डोक्यावरचा टोप काढला आणि तो खालच्या माणसांकडे बघत राहिला.

"याच मापाचा दुसरा भांडारात आहे," फोरमन हळू आवाजात म्हणाला. "उद्या बसवू?"

माझा जुळा भाऊ! त्याच्या खाचेतही तोच धारदार कोपरा होता. पण मॅडमनी त्याला मागवून आधी त्याच्या खाचेत बोट फिरवले.

"माप तेच आहे, आणि चूकही तीच," त्या म्हणाल्या. "हा नको. कानसेन, दिवसाला किती वेळा भार उचलता?"

"कागदावर वीस आहे, मॅडम. खरं म्हणाल तर साठ."

"मग साठ धरूनच निवडू. हिसके धरून निवडू."

नवा शाफ्ट यायला सतरा दिवस लागले. तोवर क्रेन उभी राहिली आणि फोरमनने एकदाही कुरकुर केली नाही. मॅडमनी नुसते कठीण पोलाद घेतले नाही; कठीण असते ते कधीकधी काचेसारखे तडकते. त्यांनी चिवट, पिळाला आणि धक्क्याला पुरून उरणारे पोलाद निवडले. त्याचा दाखला मागितला. ध्वनिलहरी सोडून ते आतून तपासून घेतले. कोपरे गोल आहेत की नाही, हे स्वतः भिंग लावून पाहिले. आणि माझ्या जागेवरच्या झाकणाला बिजागऱ्या बसवल्या, दर महिन्याला उघडता यावे म्हणून. नव्या शाफ्टने पहिला भार उचलला तेव्हा मी जमिनीवर पडून होतो. कानसेन कान देऊन ऐकत होता. गुरगुर होती, बाकी काही नव्हते. धाकटा जमिनीवर आखलेल्या पिवळ्या सुरक्षारेघेबाहेर, मोठ्या वळशाने चालत गेला.

मित्रांनो, तुमच्या घरात, शाळेत, कारखान्यात माझ्यासारखे अनेक जण झाकणाखाली राबत असतात. त्यांना निवडताना केवळ माप बघू नका. त्यांच्या वाट्याला रोज काय येणार आहे, ते विचारा. जे दिसत नाही तिथेही हात राखून काम करू नका. आणि एखादा म्हणाला की काहीतरी बिघडलंय, तर हसण्याआधी झाकण उघडून बघा.

आज मला आणि माझ्या जुळ्या भावाला भंगाराच्या गाडीत चढवले आहे. गाडी भट्टीकडे जाणार आहे. खरे सांगतो, भीती वाटतेच आहे. पण ही भीती माझी एकट्याची आहे. माझ्याखाली आता कोणी उभे नाही.