नवव्या दिवसाचा फोटो

दुपारच्या शांततेत खाटेवरून दोऱ्याचं रीळ पडलं आणि टरटर करत फरशीभर घरंगळत गेलं. झेंडूत खुपसलेली सुई तशीच धरून सुवर्णाने मान वर केली. तिची सहा वर्षांची लेक, गोदा, मोबाईल उंच नाचवत खाटेवर उभी होती.

"आई, जागा झाली! बघ, आता फोटो निघतोय!"

चार दिवस मोबाईल जागा संपली म्हणून कुरकुरत होता. लेकीने परस्पर सफाई उरकली होती.

"काय काय उडवलंस गं?"

"सकाळी देवाचे येतात ना, ते. मामाच्या ट्रॅक्टरचे. अन् एक हललेला होता. बाळ झोपलेलं, नाकात नळी. नीट दिसतच नव्हतं."

सुवर्णाने मोबाईल हातात घेतला. उडवलेले फोटो महिनाभर त्यातल्या कचऱ्याच्या डब्यात राहतात, एवढं तिला ठाऊक होतं. तिने डबा उघडला. आत काहीच नव्हतं.

"तो पण मी ओतला," गोदा फुशारकीने म्हणाली. "डबा भरला की घंटागाडीत टाकायचा असतो ना?"

तिला काय ओरडणार! सुवर्णाने फक्त तिला खाटेवरून खाली घेतलं.

दोन वर्षांपूर्वीची गोष्ट. मुलगा सातव्या महिन्यातच जन्मला आणि दवाखान्यात काचेच्या पेटीत राहिला. सासूबाईंनी, गोजराबाईंनी, बजावलं होतं, "बारसं होईस्तवर फोटो काढू नको. दृष्ट लागती." तरी नवव्या दिवशी, मीना सिस्टर पाठमोऱ्या असताना, सुवर्णाने एकच फोटो काढला. घाईत फोटो हलला. दहाव्या दिवशी पेटी रिकामी झाली.

तो फोटो तिने कुणालाच दाखवला नव्हता, नवऱ्याला, कुंदनलासुद्धा नाही. कधीतरी न्हाणीघराची कडी लावून ती तो बघायची, आणि आपण काढला नसता तर, हे दर वेळी मनात यायचंच.

गोदाला सासूबाईंजवळ सोडून ती सातपूर रोडवर अमितच्या मोबाईल दुरुस्तीच्या दुकानात गेली.

"बॅकअप चालू होता का, ताई?"

"ह्यांनी बंद केलाय. नेट खातो म्हणून."

"कुणाला पाठवलेला?"

"नाही."

अमितने वायर जोडली. लॅपटॉपवर नखाएवढी चित्रं एकेक करून उगवू लागली. "देव आले बघा. ट्रॅक्टर आला. मामा पण आले, पण अर्धेच." तो हसला आणि तिच्याकडे बघून पुन्हा लॅपटॉपकडे वळला. आणखी अर्धा तास खटपट करून त्याने वायर काढली. "तो नाही सापडत, ताई. त्या जागेवर दुसरं काहीतरी बसलं असणार."

ती घरी आली तेव्हा तिच्या उरलेल्या माळा गोजराबाई ओवत होत्या.

"सापडला का?"

सुवर्णा चपापली. "काय?"

"गोदीनं सांगितलं मला."

त्यांनी सुई बाजूला ठेवली. कुंदनचा जुना, काच तडकलेला मोबाईल त्यांच्याकडे असायचा. पिशवीतून तो काढून, बराच वेळ अंगठा फिरवून त्यांनी तो तिच्यापुढे धरला.

फोटोत एक मोबाईल होता. तो धरलेली झोपलेली बोटं सुवर्णाची होती. मोबाईलच्या काचेवर बाळ होतं, आणि बाळावर, ट्यूबलाइटच्या उजेडात, वाकलेल्या गोजराबाईंचा चेहरा उमटला होता.

"दवाखान्यातून आली अन् मोबाईल हातात धरूनच झोपली तू, फोटो उघडाच. मला काय पाठवायला येतंय? ह्या मोबाईलनं वरून काढून घेतला."

"आत्याबाई, तुम्हीच म्हणाला होतात, फोटो…"

"म्हणले व्हते." त्यांनी पुन्हा सुई घेतली. "फोटोनं कुठं काय व्हतं, बाई? लय लहान व्हता तो."

सुवर्णा त्यांच्या शेजारी खाली बसली. ती पाटीतली फुलं त्यांच्याकडे सरकवत राहिली.

गोदा मध्ये घुसली. "आण, मी पाठवते तुझ्यावर. आजीला येत नाही." दोन्ही मोबाईल मांडीवर घेऊन तिने भराभर बोटं चालवली. "आता वेगळा अल्बम करू. म्हणजे चुकून उडायचा नाही."

मग ती थांबली. स्क्रीनवरची अक्षरं तिने बोटाने लावली.

"आई, नाव मागतोय. बाळाचं नाव काय?"