उरलेले सूर

केटलीचं झाकण खडखडलं तशी स्वयंपाकघरातली शांतता मोडली. निमित्त मिळताच व्हर्ना उठली. चर्चमधून परस्पर आलेले चार पुरुष गुडघ्यांवर टोप्या ठेवून कधीचे बसले होते. तिघं तिच्या नवऱ्याचे, लॉइडचे, गाण्यातले सोबती. चौथा डेल, कोवळा पोरगा, नव्या बुटांत अवघडलेला.

"पोरी, सरळच विचारतो," म्हातारा ऑर्व्हिल खर्जात म्हणाला. "लॉइडच्या जागी याला घेऊ का? तू नाही म्हणालीस तर चौकडी मोडली. तुला विचारल्याशिवाय ती जागा भरायची नाही, असं आमचं ठरलंय."

"त्याला आधी कॉफी नको देऊस हं," न्हावी क्लाइड म्हणाला. "आवाज मुळातच बेडकाचा. त्यात घसा भाजला म्हणजे संपलंच."

डेल कानापर्यंत लाल झाला.

चौघं एकाच वेळी चार वेगळे सूर गायचे, पण लॉइडच्या वाट्याला गाण्याची मुख्य चाल कधी आलीच नाही. तिघांच्या मधल्या फटी बुजवायच्या, उरलेले सूर घ्यायचे, हे त्याचं काम. "उष्टं गातोस मेल्या," असं ती चिडवायची. भांडी पुसताना तो तेच गुणगुणायचा, चार वर्षांच्या लेकीला, नेटीला, तेच गाऊन निजवायचा. ते नुसतं ऐकून गाणं कोणतं हे कुणाला कळलं नसतं. व्हर्नाला मात्र हिवाळ्यापासून, तो न्यूमोनियाने गेल्यापासून, घरात तेवढंच ऐकू येत नव्हतं.

"गा," ती म्हणाली.

चौघं स्टोव्हपाशी अर्धगोल करून उभे राहिले. क्लाइडने छोट्या पिपाणीतून सूर दिला. जमू नये, देवा, जमू नये, असं तिला अगदी आतून वाटत होतं.

जमलं. शेवटच्या ओळीला चारही आवाज एकमेकांत असे बसले की फळीवरचे पेले बारीक किणकिणले. लॉइड असताना किणकिणायचे, अगदी तसेच. ऑर्व्हिलने डोळे मिटून घेतले. कुणी तिच्याकडे बघेना.

"घ्या त्याला," व्हर्ना म्हणाली आणि उगाचच ओटा पुसू लागली.

"बाई, मी लॉइडकाकांसारखं..." डेल चाचरला.

"कॉफी पी आता. निवतेय."

नेटी बाहुलीला फरफटत दारात आली होती. तिने एकेकाकडे पाहिलं, डेलपाशी येऊन थांबली.

"आई, हा इथे उभा राहिला तर बाबा कुठे उभा राहणार?"