आडनाव व्हॅन होर्न

यावर कोणी विश्वास ठेवणार नाही, पैज लावतो! मी थापाड्या म्हातारा, हे हर्नडन गावच्या आपल्या मराठी मंडळात पोराटोरांनाही ठाऊक आहे. पण ही गोष्ट आसावरीनेच मला सांगितलीय. संजय, जिलबी खात खात तूही ऐक. तुझ्याच घरची आहे.

तर मंडळी, ह्याची लेक आसावरी म्हणाली, "बाबा, मला लग्न करायचंय. एलायसशी."

आपला पहिला प्रश्न ठरलेला. "आडनाव काय?"

"व्हॅन होर्न."

"डच!" संजय असा उडाला की छताला डोकं आपटून खाली आला. "रत्ना, ऐकलंस? युरोपियन!"

आसावरी फोटो दाखवायला लागली, तर हा म्हणतो, "आडनाव कळलं ना, बास." तिकडे मायदेशी आडनावावरून जात हुंगत होतो, विमानात सामान कमी केलं, नाक तेवढं बरोबर आणलं.

रविवारी एलायस जेवायला येणार म्हणून ह्याच्या बायकोने, रत्नाने इतकी ट्युलिपं आणली, की हॉलंडात औषधालाही उरली नाहीत. चीज तर ट्रकच्या चाकाएवढं!

बेल वाजली. संजयने फोनवर दाराचा कॅमेरा पाहिला. बाहेर बर्फ भुरभुरत होतं. उंच, काळा तरुण, हातात खोका.

"पॅकेज तिथेच ठेवा," संजय फोनवरूनच म्हणाला.

"सर, केक आहे. मी एलायस."

संजय आसावरीकडे वळला. "अगं, पण आडनाव तर..."

"डचांनीच दिलंय, बाबा! त्याच्या पूर्वजांना आफ्रिकेतून डच जहाजात कोंबून आणलं. इथल्या हडसन नदीच्या काठच्या डच शेतकऱ्याने विकत घेतलं. गुरांना डाग देतात ना, तसं मालकाचं आडनाव लागलं. ते ऐकून तुम्ही पेढे वाटायला निघालात!"

"अहो, दार तरी उघडा," रत्ना म्हणाली. "गारठलाय तो."

आणि मंडळी, आपल्या संजयने धाडकन दार उघडलं! पोराला अशी मिठी मारली, की केक दोघांच्या छातीला फासला गेला. रत्नाने ओवाळलं. अख्खी गल्ली रडली, शेजाऱ्यांचा कुत्रासुद्धा हुंदके देत...

"खोटं, काका!" संजय प्लेट ठेवून उभा राहिला. "सगळ्यांसमोर सांगतो, खोटं आहे हे. मी दार उघडलं नाही. तो केक पायरीवर ठेवून गेला. मागोमाग आसावरी गेली. ती अजून आली नाही."